सोयरा : एका नावाची हकिगत

इतिहास म्हटलं की आपल्यापुढं लढाया येतात, राजे येतात, सनावळ्या येतात. पण इतिहास माणसाच्या नावातही दडलेला असतो. आपल्या आज्या-पणज्यांची नावं आठवा. कचरू. धोंडू. दगडू. भिका. उकर्डा. बायांच्या वाट्याला तीच नावं, फक्त मागं शेपूट लावलेलं. कचराबाई, दगडाबाई, धोंडाबाई. ही नावं कोणी ठेवली? का ठेवली? हा प्रश्न आपण विचारला पाहिजे.

कोणी म्हणंल, अशी नावं कुणब्याच्या घरातही होती. होती ना. पोरं जगत नसली की जन्मलेलं पोर उकिरड्यावर लोळवायचं, उचलायचं आणि उकर्डा म्हणायचं. म्हंजे मग त्याला नजर लागत नाही, मरणही त्याला केर समजून सोडून देतं, अशी समजूत. ती गरिबीतून आली, अज्ञानातून आली. पण कुणब्याचा दगडू मोठा झाला की दगडूजी पाटील व्हायचा. महारवाड्यातला दगडू म्हातारा होऊन मेला तरी दगड्याच. फरक नावात नव्हता, हाक मारणाऱ्याच्या तोंडात होता. आणि त्या तोंडाला शास्त्राचा आधार होता.

मनुस्मृतीचा दुसरा अध्याय काढून बघा, श्लोक ३१. ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बळ दाखवणारं, वैश्याचं धन दाखवणारं. आणि शूद्राचं? जुगुप्सित. म्हंजे किळस यावी असं. पुढच्याच श्लोकात शूद्राच्या नावाला चाकरीचा शेपटा जोडायला सांगितलंय. बाईच्या नावाचाही कायदा आहे. ते सोपं असावं, गोड असावं, शेवटी दीर्घ स्वर असावा. माणूस अजून पाळण्यात आहे, त्यानं काहीच केलेलं नाही, आणि त्याची जागा ठरली! २५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांनी हे पुस्तक जाळलं, तेव्हा हा श्लोकही जळाला. पण गावाच्या जिभेवरून तो लगेच गेला नाही. खेड्यातल्या अस्पृश्यांवर कसकसले अलिखित कायदे लादले जातात त्याची यादी बाबासाहेबांनी पुढं केली. त्यात मुलांना भारदस्त नाव ठेवणं हाही एक गुन्हा म्हणून नोंदलाय. डोकं वर काढणारं नाव ठेवलं तर गावाला राग!

आता गंमत बघा. हा कायदा असतानाच, सातेकशे वर्षांपूर्वी, एका महाराच्या घरानं तो नावांपुरता धुडकावून लावला होता. आणि त्या घराची मुळं आपल्या बुलढाणा जिल्ह्यात सांगतात.

देऊळगावराजा तालुक्यात मेहुणाराजा हे गाव आहे. चोखामेळ्याचं जन्मगाव म्हणून ते मानलं जातं. चोखोबा हा पहिला अस्पृश्य कवी, निदान ज्याचा शब्द आपल्यापर्यंत टिकून राहिला असा. मंगळवेढ्याच्या गावकुसाचं काम करताना १३३८ साली भिंत कोसळली आणि तो तिच्याखाली मेला. वेठबिगारी करणाऱ्या माणसाचं मरण. त्याच्या घरात सगळेच रचणारे. बायको सोयरा, बहीण निर्मळा, बहिणीचा नवरा बंका, मुलगा कर्ममेळा. एका महारवाड्यातल्या एका घरात पाच कवी! 

आता यांच्या नावांचे अर्थ लावा. चोखा म्हंजे स्वच्छ, अस्सल, भेसळ नसलेला. निर्मळा म्हंजे जिला मळ नाही ती. ज्यांच्या सावलीचा विटाळ मानायचे त्या घरातला भाऊ चोखा आणि बहीण निर्मळा! मनू जुगुप्सित नाव ठेव म्हणतो आणि हे घर पोरांना स्वच्छतेची नावं ठेवतं. आणि या सगळ्यांत मला जास्त विचार करायला लावतं ते सोयरा हे नाव. आज ते फारसं कोणी ठेवत नाही. पण त्याच्यासारखं नाव मला दुसरं सापडलेलं नाही.

मी सूतगिरणीत काम करतो. शाळा अर्ध्यात सुटली. जे वाचलं ते पाळी सुटल्यावर वाचलं. त्यातच शब्दांची मुळं शोधायची खोड लागली. तर सोयरा हा शब्द मुळात आला ‘सोदर’वरून. स म्हंजे तोच, उदर म्हंजे पोट. एका पोटचा तो सोदर. पाली भाषेतही ‘सोदरिय’ असा शब्द आहे, अर्थ तोच. प्राकृतात द झिजला आणि मराठीत सोयरा झाला. पण झिजता झिजता अर्थही फिरला. एका पोटचा तो सगा झाला, आणि लग्नामुळं जोडला गेलेला तो सोयरा. म्हणून आपण सगेसोयरे म्हणतो, सोयरीक जुळवणं म्हणतो. म्हंजे या एका शब्दात दोन्ही आहे. जन्मानं आपलं असणं आणि जोडून घेतल्यानं आपलं होणं.

दुसरी गोष्ट व्याकरणाची. मराठीत सोयरा हा शब्द पुल्लिंगी आहे. मुलगा, घोडा, राजा, तसा सोयरा. बाई असेल तर सोयरी म्हणायला पाहिजे. पण संस्कृताच्या वळणानं शेवटचा दीर्घ आ बाईच्या नावाला चालतो. सीता, रमा, तशी सोयरा. म्हणून हे नाव दोन्ही दारांनी आत येतं. आणि त्या घराची नावं पुन्हा एका दमात म्हणून बघा. चोखा, सोयरा, निर्मळा, बंका, कर्ममेळा. सगळी आ-नं संपणारी. नुसती यादी ऐकून अनोळखी माणसाला बाई कोण अन् बुवा कोण ते सांगता यायचं नाही. सोयरा आला म्हणा, सोयरा आली म्हणा. लिंग क्रियापद ठरवील, नाव ठरवत नाही.

त्या घराच्या कथेतही असाच एक धागा आहे. सोयरेचे दिवस भरले, चोखा बहिणीला आणायला गेला, इकडं सोयरेला कळा सुरू झाल्या. तेव्हा म्हणे विठ्ठल निर्मळेचं रूप घेऊन आला आणि त्यानं नणंदेच्या हातांनी बाळंतपण केलं. चमत्कारावर आपला विश्वास नाही, बाबासाहेबांनी तो रस्ता बंद केलाय. पण कथा सांगणाऱ्यांच्या मनात काय होतं ते बघा. महारणीच्या बाळंतपणाला गावातली सुईण फिरकणार नाही हे त्यांना माहीत होतं. म्हणून त्यांनी देवालाच बाई केलं, नणंद केलं आणि विटाळात हात घालायला लावलं. देवाला सोयरा करून टाकलं.

विटाळाचा विषय निघालाच तर आणखी एक शब्द. बाळंतपणाच्या विटाळाला आपल्याकडं सोयर म्हणतात आणि मरणाच्या विटाळाला सुतक. ज्यांना दोन्ही पाळावं लागतं ते आपले. म्हणून कशाशी संबंध नसला की ‘सोयरसुतक नाही’ म्हणतात. सोयर आणि सोयरा हे शब्द वेगळे आहेत, पण कानाला शेजारी लागतात. आणि नेमकं याच बाईनं विटाळावर मराठीतला सगळ्यांत रोखठोक सवाल केला. तिचे साठेक अभंग आज मिळतात. त्यातल्या एकात ती विचारते की देह ज्यातून जन्मतो तोच विटाळ, मग विटाळाशिवाय जन्मलेला एक तरी देह दाखवा. बामणालाही आईच्या पोटातूनच यावं लागतं, हा त्याचा साधा अर्थ. एका पोटचे म्हंजे सोयरे. तिनं आपल्या नावाचाच अर्थ पंढरीच्या दारात उभं राहून सांगितला.

तिच्या अभंगांच्या शेवटी सही मात्र बऱ्याचदा ‘चोख्याची महारी’ अशी आहे. नवऱ्याचं नाव आणि जातीचं नाव. स्वतःचं नाव मागं. हेही आपण डोळ्याआड करायचं नाही. जात आणि नवरा या दोन खुंट्यांना बांधलेली बाई होती ती. तरी बोलली.

आता त्याच नावाची दुसरी बाई बघा. शिवाजी महाराजांची राणी, हंबीरराव मोहित्यांची बहीण, राजारामाची आई. तिचंही नाव सोयरा. १६७४ च्या राज्याभिषेकात ती पट्टराणी म्हणून बसली. तिची सासू जिजाऊ आपल्याच सिंदखेडराजाची लेक. म्हंजे एका सोयरेची सासू सिंदखेडराजाची आणि दुसऱ्या सोयरेचा नवरा मेहुणाराजाचा. दोन्ही गावं याच जिल्ह्यात, एकमेकांना लागून असलेल्या तालुक्यांत. एक नाव राजवाड्यात गेलं आणि तेच नाव महारवाड्यातही होतं. मनूच्या वाटणीत हे बसत नाही. आणि मेहुणा म्हंजे तरी कोण? सोयराच की! बंका चोखोबाचा मेहुणाच लागत होता.

पण आपल्याला खरा मुद्दा पुढंच भेटतो.

९ मे १९१६ ला न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात पंचवीस वर्षांच्या भीमरावांनी जातीवरचा निबंध वाचला. जातीचं मूळ कशात आहे? जातीतल्या जातीत लग्न करण्यात. जात म्हंजे बंद केलेली सोयरीक. वीस वर्षांनी, १९३६ साली, लाहोरच्या जातपाततोडक मंडळानं बोलावून पुन्हा नाकारलेलं भाषण त्यांनी स्वतः छापलं. त्यात औषध सांगितलं. सहभोजनानं भागणार नाही. रक्त मिसळलं तरच माणसं एकमेकांना आप्त मानतील, म्हणून आंतरजातीय विवाह हाच खरा उपाय. साध्या मराठीत सांगायचं तर, जात मोडायची असेल तर सोयरे व्हा. महारणीचं जे नाव होतं तोच बाबासाहेबांचा कार्यक्रम निघाला.

आणि समाज कुठं उभा आहे? २०१३ ला सोनईत तीन पोरं मारली, २०१४ ला खर्ड्यात शाळकरी पोर मारला. कारण एकच, वरच्या जातीची सोयरीक होईल हे भय. २६ जानेवारी २०२४ ला राज्य सरकारनं जातप्रमाणपत्राच्या नियमांचा मसुदा काढला, त्यात ‘सगेसोयरे’ची व्याख्या केली. सजातीय विवाहातून झालेलं नातं, असं तिथं शब्दांत लिहिलंय. आरक्षणाचा वाद इथं मी काढत नाही. तो वेगळा विषय आहे. पण शब्दाचं काय झालं ते बघा. एका पोटचा तो सोदर इथपासून निघालेला शब्द शेवटी जातीच्या कुंपणात येऊन बसला.

आमच्या माहितीतल्या एका जोडप्यानं ते कुंपण ओलांडलं. रजिस्टर लग्न केलं. दोन्ही घरांनी सोयरसुतक तोडलं. त्यांना मूल होणार आहे. आजी नाही, मामा नाही, आत्या नाही, बारशाला कोणी येणार नाही. मी त्यांना म्हटलं, मुलगा होवो की मुलगी, सोयरा ठेवा. ज्याला कोणी सोयरा म्हणत नाही त्याला सगळ्या जगानं दिवसातून वीस वेळा सोयरा म्हणून हाक मारू द्या.

यावर आमच्या अभ्यासवर्गात वाद झाला. एक जण म्हणाला, हे वारकऱ्यांचं नाव, आपण १४ ऑक्टोबर १९५६ ला तो धर्म सोडला. गौतम, राहुल, मिलिंद, सुजाता, संघमित्रा अशी नावं आपल्याला मिळाली ती काय परत जायला? चोखा तर आयुष्यभर दाराबाहेर उभा राहून नशिबाला दोष देत राहिला.

त्याचं म्हणणं मी हसण्यावारी नेत नाही. १९५६ नंतर आपल्या वस्त्यांत नावांची जी क्रांती झाली ती मोठी क्रांती आहे. शाळेच्या हजेरीत कचरूच्या जागी सिद्धार्थ आला तेव्हा मास्तरला आवाज बदलावा लागला. ती कमाई सोडायची नाही. चोखोबाची शरणागतीही आपली नाही. पण १९४८ साली बाबासाहेबांनी ‘द अनटचेबल्स’ हा ग्रंथ लिहिला, तो कोणाला अर्पण केला? नंदनार, रविदास आणि चोखामेळा यांच्या स्मृतीला. धर्मांतराची घोषणा येवल्याला १९३५ लाच झाली होती. देव नाकारून तेरा वर्षं झाल्यावर त्यांनी चोखोबाचं नाव आपल्या पुस्तकाच्या पहिल्या पानावर घातलं. देऊळ नाकारलं, माणूस घेतला. आपणही तेवढंच करतोय. आणि सोयरा हे कुठल्या देवाचं नाव नाही, नवसाचं नाही, दास्याचं नाही. ते नात्याचं नाव आहे. त्याचं मूळ पालीत सापडतं म्हणून ते बुद्धालाही परकं नाही. संघातला भिक्षू जात मागं टाकून येतो तो दुसरं काय होतो?

वाद मिटला नाही. मिटायलाच पाहिजे असंही नाही.

वाचणाऱ्या मित्रांना एकच काम सांगतो. आपापल्या गावात, चिखली असो, मेहकर असो, खामगाव असो, म्हाताऱ्या माणसांजवळ बसा. एक वही करा. त्यांच्या आजा-आजीची नावं लिहा, ती का ठेवली ते लिहा, गाव त्यांना काय म्हणून हाका मारायचं तेही लिहा. बायांची नावं आधी लिहा, कारण ती आधी विसरली जातात. हा इतिहास ताम्रपटावर नाही, विद्यापीठात नाही. तो त्यांच्या तोंडात आहे आणि तोंडं दरसाल कमी होताहेत. मग पुढच्या वेळी कोणाच्या घरी पाळणा हलला की ती वही घेऊन जा.

जय भीम!