घारी, ताडी आणि लूट : जुन्या सुरतेतील एक पायी फेरी

परगावचे पाहुणे आले की आपण सुरतकर त्यांना आधी खायला नेतो आणि मग शहर दाखवतो. ‘सुरतेचे जेवण आणि काशीचे मरण’ ही म्हण त्यांना स्टेशनावरच ऐकवलेली असते. हल्ली हे काम वाटाडे करू लागले आहेत. चौकबाजारात जमायचे, किल्ला पाहायचा, गल्ल्यागल्ल्यांतून चालत लोचो, नानखटाई, घारी चाखायची आणि मधल्या वेळात इतिहास ऐकायचा. युरोपातल्या जुन्या शहरांत अशा फेरीत प्रत्येक थांब्यावर वाईनचा एक घोट असतो. परदेशात स्थायिक झालेल्या आपल्या मुलांना त्याचीच सवय. ती विचारतात, सुरतेत पेल्यात काय मिळते? आपण हसून म्हणतो, कोल्ड कोको.

या प्रश्नाला हसून सोडून देऊ नये असे मला वाटते. सुरतेत मद्य होते, आणि भरपूर होते. ते कुठे होते आणि कुठे गेले हे पाहिले म्हणजे या शहराचे ताट कसे घडले तेही कळते. आणि त्या ताटाशी आपले, म्हणजे मराठी माणसांचे, नाते काय, हा अवघड प्रश्न त्यातूनच पुढे येतो.

फेरी सकाळची निवडा. आम्हा जैनांना चोविहारामुळे सूर्यास्तानंतरची फेरी चालत नाही, पण कारण तेवढेच नाही. हिवाळ्यातल्या सकाळीच नीरा मिळते. माडाचा किंवा शिंदीचा रस रात्रभर मडक्यात झिरपतो. उजाडायच्या सुमारास तो गोड आणि निर्मळ असतो, आणि ऊन चढू लागले की हवेतले यीस्ट त्याची ताडी करू लागते. मडक्याला आतून चुना लावला तर हे आंबणे लांबते, एवढाच नीरेचा सगळा शास्त्रार्थ. जहांगीरच्या दरबारी आलेला इंग्रज वकील सर टॉमस रो याचा पाद्री एडवर्ड टेरी याने सुमारे ४०० वर्षांपूर्वी हेच लिहून ठेवले आहे: पहाटे घेतली तर हितकर, दिवस वर आल्यावर डोक्यात जाणारी. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याने या दोन घटकांमध्ये जी रेघ ओढली आणि जी १९६० नंतर गुजरात राज्यात कायम राहिली, ती निसर्गात काही तासांची आहे.

आता किल्ल्याकडे पाहा. सोळाव्या शतकाच्या मध्याला गुजरातच्या सुलतानाच्या अमदानीत खुदावंद खानाने तो तापीकाठी बांधला. इथूनच आपल्या फेरीचा पहिला पाहुणा आठवायला हवा. त्याचे नाव टॉमस कोरियट. इंग्लंडमधल्या सॉमरसेट परगण्यातला हा विक्षिप्त गृहस्थ युरोप पायी फिरला, त्यावर १६११ मध्ये जाडजूड पुस्तक लिहिले, आणि जेवताना काटा वापरण्याची इटालियन रीत आपल्या देशात नेली म्हणून हसे करून घेतले. मग तो पुन्हा निघाला आणि सीरियातल्या आलेप्पोहून इराणमार्गे, बहुतेक पायीच, अजमेरला पोहोचला. तिथे त्याने जहांगीरसमोर फारसीत भाषण ठोकले आणि बक्षीस मिळवले. १६१७ च्या शेवटी तो सुरतेला आला तेव्हा त्याला हगवण लागलेली होती. इथल्या इंग्रजांकडे मायदेशाहून सॅक नावाची स्पॅनिश मदिरा आली होती. देशबांधव भेटल्याच्या आनंदात त्यांनी ती याला पाजली आणि याने मागून मागून घेतली. डिसेंबरात तो सुरतेतच वारला. ही हकीकतही टेरीचीच. शरीरातले पाणी अगोदरच गेलेल्या रुग्णाला मद्य द्यावे की नाही, हे सांगायला कुठल्याही पॅथीची पदवी लागत नाही. होमिओपॅथीचे मूळ अर्क अल्कोहोलातच काढतात, त्यामुळे जैन असूनही या द्रव्याशी माझा चाळीस वर्षे रोजचा संबंध आहे. माझे माप थेंबांचे, एवढाच फरक.

कोरियट गेला, पेले राहिले. १६३८ मध्ये मँडेल्स्लो हा तरुण जर्मन प्रवासी सुरतेला आला. इंग्रज वखारीत दर शुक्रवारी संध्याकाळी प्रार्थनेनंतर मंडळी जमून मायदेशी राहिलेल्या बायकांच्या नावाने पेला उचलत, असे तो लिहितो. १६८९ मध्ये आलेला जहाजावरचा पाद्री ओव्हिंग्टन याने वखारीच्या भोजनगृहाचे वर्णन केले आहे. इंग्रज, पोर्तुगीज आणि हिंदुस्थानी असे तीन वेगवेगळे स्वयंपाकी, चांदीची ताटे, प्यायला इराणची शिराझ वाईन आणि इथला अर्क. अर्क, साखर, लिंबू, मसाला आणि पाणी ही पाच द्रव्ये म्हणून त्याला ‘पंच’ म्हणतात, अशी व्युत्पत्ती कंपनीचा शल्यवैद्य जॉन फ्रायर याने त्याच शतकात दिली आहे. ती सर्वांना मान्य नाही. पण पंच ढवळला गेला तो या तापीकाठी, हे नक्की.

त्याचा दगडी पुरावा कतारगाम दरवाजाबाहेरच्या डच दफनभूमीत होता. १६६६ मध्ये आलेल्या थेव्हनो या फ्रेंच प्रवाशाने तिथले एक थडगे पाहिले. ते एका नामांकित मद्यप्याचे होते. वर मोठा दगडी पेला, कोपऱ्यांवर लहान पेले आणि पेल्यांसमोर साखरेच्या ढेपांच्या आकृत्या. डच लोक तिथे सहलीला जात, त्या पेल्यांतच पेय कालवत आणि मित्राची आठवण काढत. आज त्याच दफनभूमीत ‘हॉर्टस मलबारिकस’ या वनस्पतिग्रंथाचा कर्ता व्हान ऱ्हेडे याचे भव्य थडगे दिसते. १६९१ मध्ये सुरतेकडे येताना तो समुद्रातच वारला. औषधी वनस्पतींचा तो केवढा अभ्यासक! वाटाडे मात्र त्याच्यासमोर दोन मिनिटेही थांबत नाहीत, कारण तिथे खायला काही नाही.

तर हे सगळे मद्य गेले कुठे? काही अंशी ते पावात गेले, आणि पावातूनही हाकलले गेले. नानपुऱ्यातल्या दोतीवालांच्या बेकरीची परंपरा अशी सांगते की डचांनी आपल्यासाठी पारशी कामगार ठेवून भट्टी चालवली आणि जाताना ती फरामजी पेस्तनजी दोतीवाला यांच्याकडे सोपवली. बेकरी आपले साल १८६१ सांगते. डचांनी हिंदुस्थानातल्या वखारी इंग्रजांना दिल्या त्या १८२४ च्या तहाने. मधल्या ३७ वर्षांचा दुवा परंपरेने जोडलेला नाही, तेव्हा तपशिलाचा आग्रह नको. गोष्टीचा गाभा पटण्याजोगा आहे. पाव ताडीने फुगवत, म्हणून बनिये त्याला शिवत नसत. गिऱ्हाईक हवे तर ताडी काढा, अंडे काढा, तूप घाला. अशी सुरतेची नानखटाई झाली. खाताना ती जिभेवर विरघळते ती फुगवण्याच्या कमाने नव्हे, तुपाच्या जोराने. आमच्यात मध, लोणी, मांस आणि मद्य या चार महाविगई, म्हणजे ज्यांपासून दूर राहायचे असे पदार्थ. या चारांतले एक काढल्यावर नानखटाईला सुरतेत घर मिळाले.

माझ्या मते सुरतेचे ताट असेच नकारांतून घडले. उंधियोत कंद आणि रताळे, तर जैन उंधियोत त्यांच्या जागी कच्ची केळी. (रायगडकडची पोपटी ज्यांनी खाल्ली आहे त्यांना उलट्या मडक्याचे तंत्र वेगळे सांगायला नको. पोंक म्हणजे तर आपला हुरडाच, फक्त लिंबूमिऱ्याच्या शेवेबरोबर.) परक्यांना हे नकार गमतीचे वाटत. ओव्हिंग्टनने पांजरापोळाचे वर्णन केले आहे. तिथे गाई-घोड्यांबरोबर ढेकूण-पिसवांसाठीही वेगळी जागा होती, आणि त्यांची भूक भागावी म्हणून एखाद्या गरीब माणसाला पैसे देऊन रात्रभर खाटेवर निजवत. वाटाडे हा किस्सा हमखास सांगतात आणि लोक हसतात. मीही हसतो. पण पैशांसाठी त्या खाटेवर निजणाऱ्या माणसाविषयी आमच्या धर्मात कुणी काही लिहिले का, हा प्रश्न हसण्यावारी जात नाही. याच ओव्हिंग्टनने चहाचीही नोंद केली आहे: गरम मसाला घालून उकळलेला, खडीसाखरेबरोबर घेतलेला, डोकेदुखी आणि पोटातल्या कळांवर गुणकारी. १६८९ मधला मसाला चहा. पेला रिकामा नव्हता तर.

भागळला आलात की घारीचे दुकान येते, आणि तिथे वाटाड्या हमखास आपल्याकडे वळतो. “तुम्ही मराठी ना? मग ही घारी तुमच्यासाठीच झाली.” १८५७ च्या उठावात तात्या टोपे सैन्यासह आले, सुरतेच्या मिठाईवाल्याने शिपायांना बळ यावे म्हणून मावा, तूप, सुकामेवा घालून घारी केली, आणि तेव्हापासून कोजागरीच्या दुसऱ्या दिवशी, आश्विन वद्य प्रतिपदेला, चांदी पडव्याला सुरत घारी खाते. आपण खूश होतो. शाळेत, सोसायटीत, लग्नाच्या पंगतीत ही गोष्ट आपणही सांगतो.

कागद काय सांगतात ते पाहा. ग्वाल्हेर पडल्यानंतर तात्या राजपुताना, माळवा असे फिरत १८५८ च्या ऑक्टोबरअखेर नर्मदा ओलांडून दक्षिणेत आले, निमाडमार्गे पश्चिमेला वळले, पुन्हा नर्मदा ओलांडून बडोद्याच्या रोखाने निघाले आणि १ डिसेंबर १८५८ ला छोटा उदेपूरला पराभूत होऊन माघारी फिरले. १८ एप्रिल १८५९ ला शिवपुरीला त्यांना फाशी झाली. या वाटेवर सुरत कुठेच नाही.

मग ही गोष्ट आपल्याला इतकी का हवी असते? कारण याच फेरीत, तासाभरापूर्वी, किल्ल्यासमोर वाटाड्याने १६६४ सांगितलेले असते. तेव्हा आपण जरा मागे उभे असतो. ‘सुरत बेसुरत केली’ हे वाक्य आपण पुण्या-साताऱ्याकडे अभिमानाने म्हणतो, शेजारच्या गुजराती घरात मात्र म्हणत नाही. घारीची गोष्ट हा हिशेब परस्पर मिटवते. लुटायला आलेले मराठे जेवायला आलेले पाहुणे होतात.

मी मराठी आहे आणि जैनही, त्यामुळे ६ ते १० जानेवारी १६६४ या दिवसांत मी दोन्ही बाजूंना आहे. शाहिस्तेखान तीन वर्षे पुण्यात ठाण मांडून होता आणि स्वराज्य उजाड झाले होते. सुरत हा मोगलांचा खजिना होता. महाराजांनी तो उचलला यात राज्यकर्ता म्हणून गैर काय, असे आपण विचारतो, आणि ते बरोबर आहे. शहराचा सुभेदार इनायतखान लोकांना वाऱ्यावर सोडून किल्ल्यात लपला. शिपायांचे पगार त्याने स्वतःच गिळले होते, असे इंग्रजांनी लिहून ठेवले आहे. पण उचलले गेले ते केवळ बादशहाचे नव्हे. वीरजी व्होरा हा स्थानकवासी जैन, संघपती, इंग्रज वखारीला लाखाच्या घरात कर्ज देणारा सावकार. त्याच्या वाड्यातून सोने, मोती आणि रत्ने यांची सहा पिंपे नेली, असे तेव्हा सुरतेत असलेल्या एका डच नोकराच्या वृत्तांतात आहे. शहराचा मोठा भाग जळाला. जळालेली सगळीच घरे व्होराची नव्हती. पुन्हा ऑक्टोबर १६७० मध्ये तेच झाले.

त्याच हकिकतींत आणखी एक नोंद आहे. बर्नियर हा फ्रेंच वैद्य लिहितो की कापुचिन पाद्री अँब्रोझ यांच्या मठाला मराठ्यांनी हात लावला नाही, आणि डचांच्या एका मृत दलालाचे घरही वगळले, कारण तो हयातीत दानशूर होता असे महाराजांना सांगण्यात आले. ही नोंद आपल्या बाजूची म्हणून मिरवायची नाही आणि व्होराचे नुकसान तिने भरूनही निघत नाही. पण ती खरी साक्ष आहे. घारीच्या दुकानासमोर वाटाड्या तात्यांची गोष्ट सांगू लागला, तर आपल्यातल्या कुणीतरी शांतपणे छोटा उदेपूर सांगावे, आणि मागितले तर १६६४ चे दोन्ही कागद पुढे ठेवावेत. घारी तरीही खावी. तिच्यात आपल्या भोपळ्याच्या घाऱ्यांशी नावापलीकडे काही साम्य नाही, आणि मधुमेह्यांनी चतकोरावर थांबावे.

सुरतेतल्या मराठी पाऊलखुणा फक्त या दोन स्वाऱ्यांच्या नाहीत. अठराव्या शतकात इथल्या चौथाईत पेशवे आणि गायकवाड यांचे वाटे होते. पेशव्यांनी आपला हक्क १८०२ च्या वसईच्या तहात सोडला. डिसेंबर १९०७ मध्ये फ्रेंच गार्डनमधल्या काँग्रेस मंडपात टिळक बोलायला उठले आणि एक मराठी वळणाचा जोडा उडाला, तो सुरेंद्रनाथांना लागून फिरोजशहा मेहतांवर पडला. वाटाड्यांना हा जोडा आवडतो.

त्याच सुमारास झालेली तापी खोऱ्याची रेल्वे मात्र त्यांच्या फेरीत नसते. सुरतेहून नंदुरबार, अमळनेरमार्गे जळगावला जाणारी ही वाट. खानदेशातली माणसे याच वाटेने मागकामाला, गिरणीला, बांधकामाला उधना, लिंबायत, पांडेसऱ्यात आली आणि अजून येतात. जुन्या सुरतेतल्या आपल्या घरांचा त्यांच्याशी फारसा जाण्या-येण्याचा व्यवहार नाही, हे लपवण्यात अर्थ नाही. चांदी पडव्याच्या आठवड्यात उधना स्टेशनावर उभे राहून पाहा. पूर्वेला जाणाऱ्या गाडीत घारीचे खोके चढत असतात, आणि थंडीत जळगावकडून येणाऱ्या गाडीतून भरताच्या वांग्यांच्या पिशव्या उतरतात.