सामोशुक, झिग्मुंत

(१९३९–१९८३). पोलिश चलच्चित्रछायाचित्रकार. आंजेय वायदा यांच्या चित्रपटांचे छायालेखक म्हणून अभ्यासक त्यांना ओळखतात. पोलंडमधल्या घराघरांत मात्र त्यांचे काम पोहोचले ते 'आकादेमिया पाना क्लेक्सा' या बालपटामुळे.

वायदांबरोबर त्यांनी 'शिकार माश्यांची' (१९६९) केला आणि पुढच्याच वर्षी 'लढाईनंतरचा प्रदेश' व 'बर्चवन' हे दोन चित्रपट. 'लढाईनंतरचा प्रदेश'च्या आरंभी छळछावणीतून सुटलेले कैदी विवाल्डीच्या संगीतावर बर्फातून धावत सुटतात. संवाद जवळजवळ नाहीतच. सगळा भार दृश्यांनी पेलला आहे. यारोस्वाव इवाश्कियेविच यांच्या कथेवरील 'बर्चवन'ची रंगयोजना चित्रकार यात्सेक माल्चेव्स्की यांच्या चित्रांवरून घेतलेली आहे. क्षयाने खंगलेला तरुण रानातल्या भावाच्या घरी अखेरचे दिवस काढायला येतो. पिवळट-हिरवट छटांमुळे त्याचा आजार चेहऱ्यावर तर दिसतोच, पण भोवतालच्या झाडोऱ्यातही उतरल्यासारखा वाटतो. घरात भावाची लहान, आईवेगळी मुलगी आहे. तिच्या आईची कबर त्याच बर्चवनात आहे.

क्शिश्तोफ ग्रादोव्स्की दिग्दर्शित 'आकादेमिया पाना क्लेक्सा' यान ब्झेख्वा यांच्या १९४६ सालच्या पुस्तकावर आधारित आहे. पान क्लेक्स या अजब गुरुजींच्या शाळेत फक्त 'अ'ने नाव सुरू होणाऱ्या मुलांना प्रवेश मिळतो. गुरुजींची भूमिका प्योत्र फ्रोंचेव्स्की यांची, संगीत आंजेय कोझिन्स्की यांचे. शाळा म्हणून नेबोरूफचा राजवाडा वापरला आहे. चित्रपट पोलंड व सोव्हिएत संघ यांची संयुक्त निर्मिती होता.

छायालेखनाचा कस लागतो तो लांडग्यांच्या प्रसंगात. राजपुत्र लांडग्यांच्या राजाला मारतो आणि सूड घ्यायला लांडग्यांची फौज राज्यावर चालून येते. पार्श्वभूमीला 'टीएसए' या रॉक वाद्यवृंदाचे दणदणीत संगीत आहे. मुले बघणार म्हणून काळोख सौम्य केलेला नाही, आणि ते योग्यच झाले: परीकथेतले भय खरे वाटले तरच तिच्यातली सुटकाही खरी वाटते. त्या काळी हा चित्रपट पाहिलेल्या अनेकांना आज, मोठेपणीही, हे लांडगे आठवतात. बागेतला लख्ख उजेड आणि ही काळी फौज एकाच चित्रपटात सहज नांदतात, यात 'बर्चवन'च्या छायालेखकाचा हात ओळखू येतो. बालपटाला त्यांनी दुय्यम काम मानले नाही, हे त्या चौकटी पाहताच कळते.

चित्रपट जानेवारी १९८४मध्ये प्रदर्शित झाला व पोलंडमध्ये अफाट चालला. सामोशुक यांचे त्याआधीच निधन झाले होते.