वेग आणि नेम

यशस्वी पुरुषांची चरित्रे लिहावयास लेखकांची वाण कधीच पडत नाही. परंतु ज्याच्या अंगी असामान्य गुण होता आणि तरीही ज्याची नोंदवही अपयशानेच भरली, अशा माणसाचा इतिहास लिहावयाचा झाल्यास अडचण उभी राहते. कागद एक सांगतो. प्रत्यक्ष पाहिलेल्यांची साक्ष दुसरेच सांगते. अमेरिकेतील बेसबॉलच्या इतिहासात स्टीव्ह डाल्कोव्स्की नावाचा असा एक गोलंदाज होऊन गेला. वरिष्ठ साखळीतील एकही अधिकृत सामना त्याच्या वाट्यास आला नाही. पण त्याच्याइतका वेगवान चेंडू आपण दुसऱ्या कोणाचा पाहिला नाही, असे सांगणारे नामांकित खेळाडू थोडेथोडके नव्हते.

हा खेळ आपल्याकडे फारसा रूढ नाही. म्हणून दोन शब्द सांगणे अवश्य आहे. बेसबॉलमध्ये चेंडू टप्पा न पडता फेकला जातो, आणि गोलंदाज साठ फूट सहा इंचांवर उभा असतो. म्हणजे क्रिकेटमधील दोन्ही यष्ट्यांमधील अंतराहूनही साडेपाच फूट जवळ. स्थूलमानाने सांगावयाचे तर, तीन अचूक चेंडू चुकले की फलंदाज बाद. उलट चार चेंडू ठरलेल्या टापूबाहेर गेले की फलंदाजास पहिला तळ फुकट मिळतो. वरिष्ठ संघांच्या पदरी लहान गावांतून कनिष्ठ संघ असतात. त्या काळी त्यांच्या ‘ड’पासून ‘अ’पर्यंत आणि त्याहीवर श्रेणी होत्या. गावोगाव बदल्या भोगीत वरच्या श्रेणीची वाट पाहणे म्हणजे काय, हे आपल्या वाचकांस निराळे सांगावयास नको.

डाल्कोव्स्कीचा जन्म ३ जून १९३९ रोजी कनेटिकट राज्यातील न्यू ब्रिटन या कारखान्यांच्या गावी झाला. कुलपे, बिजागऱ्या, हत्यारे यांसाठी प्रसिद्ध असलेल्या त्या गावात पोलंडहून आलेल्या कुटुंबांची मोठी वस्ती होती. शाळेत असतानाच एका सामन्यात त्याने चोवीस फलंदाज बाद केले. बांधा मध्यम, डोळ्यांस चष्मा, स्वभाव भिडस्त. पण डावा हात विलक्षण. १९५७ साली बाल्टिमोर ओरिओल्स या संघाने चार हजार डॉलर देऊन त्यास करारबद्ध केले, आणि टेनेसीमधील किंग्सपोर्ट या ‘ड’ श्रेणीच्या संघात धाडले.

तेथील पहिल्याच हंगामाचे आकडे पाहावेत. बासष्ट डावांत १२१ फलंदाज बाद, १२९ जणांस फुकट तळ. विजय एक, पराभव आठ. एका सामन्यात त्याने २४ फलंदाज बाद केले आणि १८ जणांस फुकट तळ दिला. हिशेब करून पाहिला तर एवढ्यासाठीच किमान १४४ चेंडू टाकावे लागतात. बाकीच्या फलंदाजांचे चेंडू वेगळे. अठरा वर्षांच्या मुलाच्या हातावर हा भार पडत होता. पुढे १९६० साली कॅलिफोर्नियातील स्टॉक्टन येथे तर जमा आणि खर्च बरोबरच झाले: २६२ बाद आणि २६२ फुकट!

हा वेग मोजावा म्हणून १९५८ साली त्यास ॲबरडीन येथील लष्कराच्या चाचणी-मैदानावर नेण्यात आले. तेथील यंत्राने ताशी साडेत्र्याण्णव मैल हा आकडा दिला. आकडा खरा, परंतु तो कोणत्या परिस्थितीत मिळाला हेही पाहिले पाहिजे. आदल्याच दिवशी तो सामना खेळला होता. गोलंदाजास लागणारा मातीचा उंचवटा तेथे नव्हता. आणि यंत्राच्या टापूतून चेंडू नेण्यासच त्यास सुमारे चाळीस मिनिटे लागली. थकल्या हाताने, नेम धरून टाकलेल्या चेंडूचा तो वेग होता. इतिहासकाराने कागद मानावा. पण तो कागद कोणत्या वेळी लिहिला गेला, हे विचारल्यावाचून मानू नये.

नेम साधावा म्हणून प्रशिक्षकांनी नाना उपाय करून पाहिले. त्याला खरी वाट दाखविली ती १९६२ साली, एल्मायरा येथील संघाचे व्यवस्थापक अर्ल वीव्हर यांनी. या मुलास फार सूचना दिल्या की तो गोंधळतो, हे त्यांनी ओळखले आणि सूचना कमी केल्या. नेहमी थोडा वेग आवरून टाकावयाचे. दोन चेंडू साधले आणि शीळ ऐकू आली, की मग सारे बळ लावावयाचे. त्या हंगामात १६० डावांत १९२ फलंदाज बाद झाले आणि फुकट तळ ११४ वर आले. डावामागे एकाहून कमी फुकट तळ देण्याची ही त्याची पहिलीच वेळ. पाच वर्षे जे शिकविले गेले त्याहून थोडे कमी शिकविण्याची गरज होती, असेच म्हणावे लागते.

मार्च १९६३ मध्ये वरिष्ठ संघातील जागा जवळजवळ निश्चित झाली होती. त्याच्या अंगाचे माप घेऊन गणवेषही तयार होत होता, असे सांगतात. यांकीज संघाविरुद्धच्या सराव-सामन्यात त्याच्या कोपरात काही तुटले. हळूच टोलविलेला चेंडू उचलून फेकताना ते झाले, असे कोणी म्हणतात. गोलंदाजी करतानाच झाले, असे दुसरे म्हणतात. परिणाम मात्र एकच. कोपराच्या स्नायुबंधाची प्रसिद्ध शस्त्रक्रिया प्रथम झाली ती १९७४ साली, अकरा वर्षांनंतर. आणखी दोनेक वर्षे तो खालच्या संघांतून खेळला. पण तो वेग परत आला नाही. अखेर ४६ विजय आणि ८० पराभव एवढी नोंद उरली.

पुढचा काळ कष्टाचा आहे. मद्याचे व्यसन जुनेच होते. ते आता वाढले. कॅलिफोर्नियातील शेतांवर तो रोजंदारीने राबला. १९९४ साली पत्नी वारल्यावर बहिणीने त्यास न्यू ब्रिटनला आणून शुश्रूषागृहात ठेविले. तो फार दिवस जगणार नाही असे वाटत होते; तो सव्वीस वर्षे जगला. मात्र १९६४ ते १९९४ या तीस वर्षांचे त्यास काही आठवत नव्हते. ज्याच्याविषयी इतरांनी इतक्या आठवणी सांगितल्या, त्याच्या स्वतःच्या आठवणींत हा एवढा खंड पडला होता.

लोक त्यास विसरले नाहीत. त्याच संघाच्या कनिष्ठ शाखांतून खेळलेल्या रॉन शेल्टन यांनी १९८८ च्या ‘बुल डरॅम’ या चित्रपटातील बेभान गोलंदाज त्याच्याच कथांवरून उभा केला. २००३ साली बाल्टिमोरच्या मैदानावर सन्मानाचा पहिला चेंडू त्याच्या हातून टाकविण्यात आला. १९ एप्रिल २०२० रोजी, कोरोनाच्या साथीत, वयाच्या ऐंशीव्या वर्षी तो निवर्तला.

दोष कोणाचा? व्यसन त्याचे स्वतःचे होते, हे नाकारता येत नाही. परंतु ज्या संस्थेने त्या हाताचे मोल चार हजार डॉलर ठरविले, तिने तो हात जपावयास किती वेळ दिला, हा प्रश्नही उरतोच. आपल्यापैकी पुष्कळांच्या हाताखाली नवी मुले कामास येतात. त्यांतील एखाद्याची नोंदवही वाईट दिसली, तर शेरा लिहिण्यापूर्वी एल्मायरातील ती शीळ आठवावी, एवढेच सुचवावेसे वाटते.