आव्यूह समीकरण, दोन अव्यक्तांचे

दोन रेषीय समीकरणांतील सहगुणक एका चौकटीत मांडून दोन्ही अव्यक्त संख्या एकाच समीकरणातून काढण्याची रीत. आव्यूह म्हणजे आडव्या ओळी आणि उभे स्तंभ करून मांडलेल्या संख्या. वर्गात बहुतेकजण त्याला मॅट्रिक्सच म्हणतात. सहगुणकांचा आव्यूह आ, अव्यक्तांचा स्तंभ स आणि उजव्या बाजूच्या संख्यांचा स्तंभ ब असेल, तर समीकरण ‘आस = ब’ असे लिहितात.

भास्कराचार्यांच्या ‘बीजगणित’ या बाराव्या शतकातील ग्रंथात दोन मित्रांचे एक सुरेख गणित आहे. पहिला म्हणतो, तू मला १०० दिलेस तर माझे धन तुझ्या दुप्पट होईल. दुसरा म्हणतो, तूच मला १० दे, म्हणजे माझे धन तुझ्या सहापट होईल. तर दोघांजवळ किती? पहिल्याचे धन क्ष व दुसऱ्याचे य मानले तर क्ष + १०० = २(य − १००) आणि य + १० = ६(क्ष − १०). अव्यक्ते डावीकडे व संख्या उजवीकडे नेल्यावर क्ष − २य = −३०० आणि ६क्ष − य = ७०. आव्यूहात ही मांडणी अशी होते :

[ १  −२ ] [ क्ष ]  =  [ −३०० ]
[ ६  −१ ] [  य  ]  =  [   ७० ]

आता निश्चयक काढायचा. मुख्य कर्णाच्या गुणाकारातून दुसऱ्या कर्णाचा गुणाकार वजा केला की तो मिळतो : (१)(−१) − (−२)(६) = ११. मग आ चा व्यस्त, म्हणजे ज्याने डावीकडून गुणले की आस मधला आ जाऊन नुसता स उरतो तो आव्यूह. मुख्य कर्णावरील संख्यांची अदलाबदल करायची, दुसऱ्या कर्णावरील संख्यांची फक्त चिन्हे बदलायची आणि चारही संख्यांना निश्चयकाने भागायचे. विद्यार्थी चुकतात ते बहुधा येथेच : कोणत्या कर्णावर जागा बदलायची आणि कोणत्या कर्णावर चिन्ह, याची गल्लत होते. दुसरी चूक क्रमाची. आव्यूहांच्या गुणाकारात क्रम बदलला की उत्तर बदलू शकते, म्हणून व्यस्त दोन्ही बाजूंना डावीकडूनच लावावा लागतो.

क्ष = [(−१)(−३००) + (२)(७०)] ÷ ११ = ४४० ÷ ११ = ४०
य = [(−६)(−३००) + (१)(७०)] ÷ ११ = १८७० ÷ ११ = १७०

ताळा : १०० मिळाल्यावर पहिल्याचे १४०, दुसऱ्याचे ७०, १० मिळाल्यावर दुसऱ्याचे १८०, पहिल्याचे ३०.

हे गणित आव्यूहाला हात न लावता एकाच अव्यक्तातही बसते. १०० दिल्यावर दुसऱ्याजवळ म उरले असे धरले, तर आधी पहिल्याजवळ २म − १०० आणि दुसऱ्याजवळ म + १०० होते. दुसरी अट लावली की म + ११० = ६(२म − ११०), म्हणजे ११म = ७७०, म = ७०. येथेही शेवटी भागायचे ते ११ नेच. हा योगायोग नव्हे. ११ ही संख्या त्या दोन समीकरणांचीच आहे आणि निश्चयक तिला आधीच उघड करतो. ही रीत शिकण्याजोगी आहे ती मुख्यतः यासाठी.

आलेखावर प्रत्येक समीकरण ही एक रेषा असते. निश्चयक शून्य आला तर रेषा समांतर असतात, म्हणजे उत्तर नाही, किंवा एकमेकींवर पडतात, म्हणजे उत्तरे अगणित. शून्य नसलेला, पण सहगुणकांच्या मानाने फार लहान निश्चयक व्यवहारात जास्त फसवतो. क्ष + य = २ आणि क्ष + १.०१य = २.०१ यांचे उत्तर (१, १). उजवीकडचे २.०१ मोजताना २.०२ झाले, तर उत्तर थेट (०, २). एका शतांशाच्या चुकीने दोन्ही उत्तरे एकेकाने सरकली, कारण निश्चयक अवघा ०.०१ आहे. मोजमापातून आलेले आकडे वापरणाऱ्याने आधी निश्चयकाकडे पाहावे. समीकरणे पुष्कळ असतील तर संगणकावरही सहसा व्यस्त काढत नाहीत; एकेक अव्यक्त लोपवत जाणे स्वस्त पडते.

निश्चयक हा आव्यूहाहून जुना. गाब्रिएल क्रेमर यांनी निश्चयकांनी समीकरणे सोडवण्याची रीत १७५० मध्ये प्रसिद्ध केली. महाराष्ट्रात दहावीच्या बीजगणितात ती त्यांच्याच नावाने शिकवतात. ‘मॅट्रिक्स’ हा शब्द जेम्स जोसेफ सिल्व्हेस्टर यांनी १८५० मध्ये योजला आणि आर्थर केली यांनी १८५८ च्या निबंधात आव्यूहांचे स्वतंत्र बीजगणित उभे केले. चौकटीतल्या मांडणीची कल्पना मात्र याहून कितीतरी आधीची. ‘गणितकलेची नऊ प्रकरणे’ या प्राचीन चिनी ग्रंथाच्या आठव्या प्रकरणात सहगुणक मोजणीच्या काड्यांनी स्तंभांत मांडून एका स्तंभातून दुसरा वजा करत अव्यक्ते काढली आहेत. इ. स. २६३ मध्ये त्यावर भाष्य लिहिणाऱ्या ल्यू ह्वे यांनी धन संख्यांसाठी लाल आणि ऋण संख्यांसाठी काळ्या काड्या सांगितल्या आहेत.