पोळा, नऊ महिने आणि एक जर्मन फॉर्म्युला

प्रेग्नन्सी ॲपमध्ये शेवटच्या पाळीची तारीख टाकली की ते लगेच डिलिव्हरीची तारीख देतं. आत एआय वगैरे काही नाही. दोन ओळींचा कोड आहे आणि त्यातलं लॉजिक दोनशे वर्षं जुनं.

हायडेलबर्गचे डॉक्टर फ्रान्झ नेगेले. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला त्यांनी हा नियम लिहिला. श्रेय मात्र आधीच्या शतकातले डच डॉक्टर बोरहाव्ह यांना दिलं. पाळीच्या तारखेपासून नऊ महिने पुढे जा, सात दिवस मिळवा. आपली आजी 'नऊ महिने नऊ दिवस' म्हणतेच की! गंमत म्हणजे, मोजायचं पाळीच्या पहिल्या दिवसापासून की शेवटच्या, हे नेगेलेंनी स्पष्ट केलंच नाही. आज पहिला दिवस धरतात. महिने लहानमोठे, म्हणून उत्तर कधी २८० दिवस येतं, कधी २८३.

ते दोन-तीन दिवस सोडा. इनपुटच चुकलं तर?

आपल्या वर्ध्याकडे गावात तारीख विचारली की उत्तर येतं, "पोयाच्या दोन दिवस आंधी." सिंदी रेल्वेचा तान्हा पोळा पाहिलेल्यांना कळेल, हा सण कुणी विसरत नाही. पण तो येतो श्रावण अमावस्येला. २०२२ मध्ये पोळा ऑगस्टच्या शेवटी होता. २०२३ मध्ये अधिक श्रावण आला आणि पोळा गेला थेट १४ सप्टेंबरला. म्हणजे पाळी १२ सप्टेंबरची, डिलिव्हरीची तारीख १९ जून. कुणी सवयीने २५ ऑगस्ट लिहिलं, तर १ जून. अठरा दिवसांचा बग! कार्डावर ३७ आठवडे भरलेले दिसतात, पोटातलं बाळ असतं जेमतेम साडेचौतीस आठवड्यांचं. कळा सुरू झाल्या तर गावातच थांबायचं की सेवाग्राम गाठायचं, हे याच आकड्यावर ठरतं.

सेवाग्रामचं कस्तुरबा हॉस्पिटल डॉ. सुशीला नय्यर यांनी चाळीसच्या दशकात बायका-मुलांच्या छोट्या दवाखान्यापासून उभं केलं. १९६९ मध्ये तिथे मेडिकल कॉलेज झालं. सुरुवातीच्या त्या काळात सोनोग्राफी नव्हतीच. हाताने पोट तपासायचं. गर्भाशय बेंबीपर्यंत आलं की साधारण २० आठवडे. पुढे टेपवरचे सेंटिमीटर आणि आठवडे बरेचसे जुळतात. पहिलटकरणीला बाळाची हालचालही साधारण पाचव्या महिन्यातच कळते.

मशीन आलं ग्लासगोहून. डॉक्टर इयान डोनाल्ड आणि इंजिनिअर टॉम ब्राउन (हो, आपल्यातलाच माणूस!) यांनी धातूतले तडे शोधायचं तंत्र पोटावर वापरलं, पेपर आला १९५८ मध्ये. १९७३ मध्ये त्याच शहरात ह्यू रॉबिन्सन यांनी दाखवलं, की पहिल्या तीन महिन्यांत बाळाची डोक्यापासून ढुंगणापर्यंतची लांबी मोजली तर वय काही दिवसांच्या फरकाने सांगता येतं. सण आठवायची गरजच नाही. पण लवकर जायला हवं. सातव्या-आठव्या महिन्यातली सोनोग्राफी दोन-तीन आठवडेही चुकू शकते, कारण तोवर प्रत्येक बाळ आपापल्या गतीने वाढलेलं असतं. (या मशीनच्या गैरवापराविरुद्ध महाराष्ट्राने १९८८ मध्येच कायदा केला; तो वेगळा एपिसोड.)

म्हणूनच आशाताई १२ आठवड्यांच्या आत नाव नोंदवा म्हणून मागे लागतात. आणि कुणी 'पोळा' म्हणालंच, तर त्याच वर्षीचं कॅलेंडर काढायचं, अमावस्येचं घर शोधायचं आणि तिथून दोन घरं मागे यायचं.