जामदारखाना आणि पेटी

‘जामा’ म्हणजे वस्त्र. मराठी राज्याच्या अठरा कारखान्यांतील ‘जामदारखाना’ हे नाव त्यावरूनच आले. राजाची वस्त्रे व जडजवाहीर तेथे राहत. १८५३ पर्यंत नागपूरकर भोसल्यांच्या राज्यात असलेल्या मोहगावात सामान्य घरी कपड्यांना निराळी खोली कोठली? नित्याची वस्त्रे वलणीवर, ठेवणीतली पेटीत. घर, शेत बहुधा पुरुषांच्या नावे. कुलूप घालता येईल अशी ही पेटी तेवढी गृहिणीची, स्त्रीधनाची. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने स्त्रीला तिच्या मालमत्तेचे पूर्ण स्वामित्व दिले. आता घरोघरी कपाटे आली आहेत. तरी जुनी पेटी अडगळ म्हणून मोडीत घालण्यापूर्वी एवढे स्मरावे, की आजीचा हक्क प्रथम तिच्यातच सुरक्षित राहिला होता.