ग्रामसभेचा शब्द

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

रांजणगावला महागणपतीच्या दर्शनाला येणाऱ्यांना तिथली औद्योगिक वसाहत ठाऊक असते. कारखान्यासाठी जमीन गेली, की चर्चा होते ती मोबदल्याची. खाणीचे मात्र वेगळे आहे. तिथे न विकलेल्या शेताचेही पाणी जाऊ शकते. म्हणूनच मी आज दोन लढ्यांविषयी बोलणार आहे.

पहिला आपल्याच पुणे जिल्ह्यातला. टाटांच्या धरणासाठी मुळशी खोऱ्यातील जमिनी घेतल्या जाऊ लागल्या. १८९४ च्या भूसंपादन कायद्यात शेतकऱ्याला हरकत घेण्याची सोयच नव्हती. ती १९२३ च्या दुरुस्तीने आली. त्याआधीच, १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीला मावळच्या शेतकऱ्यांनी सत्याग्रह सुरू केला. सेनापती बापट, विनायकराव भुस्कुटे यांनी तुरुंगवास सोसला. धरण झालेच.

दुसरा लढा सिंधुदुर्गातला, दोडामार्ग तालुक्यातील कळणे गावचा. तिथल्या डोंगरात लोहखनिज आहे आणि त्याच डोंगरात पावसाचे पाणी मुरते. त्या पाण्यावर खालची भातशेती आणि सुपारीच्या बागा जगतात. खाण खोल गेली की साठलेले पाणी उपसावे लागते, झरे आटतात. वर टाकलेली माती पावसात शेतात उतरते. गावकऱ्यांनी खाणीला विरोध केला, तरी ती सुरू झाली. जुलै २०२१ मध्ये अतिवृष्टीत खाणीचा बांध फुटून चिखलपाणी शेतांत आणि घरांत शिरले.

मात्र मुळशीकरांपाशी नव्हते असे एक साधन या भागातील लोकांनी वापरले होते. सावंतवाडी-दोडामार्गच्या पंचवीस गावांच्या ग्रामसभांनी ठराव केले, की आमची गावे पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील जाहीर करा. माधव गाडगीळ समितीने २०११ च्या अहवालात त्यांची दखल घेतली. मार्च २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तशी अधिसूचना काढण्याचा आदेश दिला. ठरावापासून आदेशापर्यंत दशकाहून अधिक काळ गेला.

ओडिशातील नियमगिरीत २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने प्रश्न ग्रामसभांपुढे ठेवला, तेव्हा बाराही ग्रामसभांनी बॉक्साइटची खाण नाकारली.

ठरावाचा कागद एकट्याने डोंगर वाचवीत नाही. पण तो नसेल तर न्यायालयात गावाची बाजू मांडायची कशाच्या आधारे? तेव्हा आपल्या गावची पुढची ग्रामसभा केव्हा आहे, एवढे तरी विचारून ठेवा. आणि सही करण्यापूर्वी ठराव वाचा.